सुदाम्याचे पोहे आणि कांदेपोहे

(मंडळाच्या अमरावती येथील वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण)



दरवर्षी या व्यासपीठावरून समाजातील नामांकित वकील, डॉक्टर, अभियंते बोलतात. यंदा चिटणिसांनी हा मान एका सेवानिवृत्त शाळामास्तरास दिला आहे. आमचे शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे. त्यापुढे जे काही शिकलो ते अध्यापकांच्या प्रशिक्षणात, छत्तीस वर्षे मुलांसमोर उभे राहून आणि वाचनालयांच्या पायऱ्या चढून. तेव्हा विद्वत्तेची अपेक्षा आपण आमच्याकडून करू नये. अनुभवाचे चार शब्द मात्र मनापासून सांगू.

मंडळातील तरुणांनी असे ठरविले आहे की, पुढील वर्षीच्या मेळाव्यात नाट्यप्रवेशाचा कार्यक्रम पुन्हा सुरू करावा आणि तो विनोदी असावा. त्यासाठी कोणते नाटक घ्यावे, कोणती पुस्तके वाचावीत, हे आम्ही सांगावे अशी त्यांची इच्छा आहे. विषय आमच्या आवडीचाच आहे. परंतु त्यात एक अडचण आहे. मंडळाचा हा कार्यक्रम १९८३ साली बंद पडला, आणि तो बंद पडण्यास आम्हीच कारणीभूत झालो होतो. ती हकीकत ओघाने येईलच; तत्पूर्वी ज्या थोर विनोदकाराच्या पुस्तकांनी आम्हांस आमची चूक दाखविली, त्यांचा परिचय करून देणे आम्ही आमचे कर्तव्य समजतो.

ते विनोदकार म्हणजे श्रीपाद कृष्ण कोल्हटकर. त्यांचा जन्म २९ जून १८७१ रोजी नागपूर येथे झाला. परंतु त्यांचे शालेय शिक्षण अकोल्यास झाले आणि पुणे-मुंबईकडील उच्च शिक्षण आटोपून १८९७ साली वकिलीची परीक्षा दिल्यावर ते वऱ्हाडातच परतले. अकोला, खामगाव, जळगाव-जामोद या आपल्या गावांच्या न्यायालयांत त्यांनी वकिली केली. दिवसा अशिलांची कागदपत्रे चाळावी आणि रात्री कंदिलाशी नाटके लिहावी, असा त्यांचा क्रम असला पाहिजे. कारण त्यांच्या ग्रंथांची संख्या पाहिली म्हणजे पूर्णवेळ लेखकानेही लाजावे. त्यांचे 'वीरतनय' हे पहिले नाटक किर्लोस्कर नाटक मंडळीने १८९६ साली रंगभूमीवर आणले, तेव्हा ते पंचवीस वर्षांचे होते. त्यामागून 'मूकनायक', 'गुप्तमंजूष', 'मतिविकार', 'प्रेमशोधन', 'वधूपरीक्षा', 'सहचारिणी' अशी नाटकांची मालिकाच त्यांनी उभी केली. पारशी आणि उर्दू रंगभूमीवरील नव्या चाली मराठी नाट्यपदांत आणण्याचे श्रेयही पुष्कळसे त्यांचेच आहे.

आपल्यापैकी ज्यांनी त्यांचे एकही नाटक वाचलेले नाही, त्यांनीही शाळेत त्यांचे महाराष्ट्रगीत म्हटलेले आहे. एक गोष्ट मात्र आपण सहसा ध्यानात घेत नाही. ज्या वऱ्हाडात हा कवी राहत होता, ते वऱ्हाड त्या काळी मुंबई इलाख्यात नव्हते. निजामाकडून कायमच्या भाडेपट्ट्याने घेतलेला हा मुलूख इंग्रजांनी १९०३ साली मध्य प्रांतास जोडला होता. पुढे १९५६ साली तो द्वैभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० साली महाराष्ट्र राज्यात आला. म्हणजे राजकीय नकाशाने ज्याला बाहेर ठेवले होते, त्यानेच साऱ्या महाराष्ट्राचे गीत रचले!

कोणी म्हणेल, कोल्हटकर आपल्या ज्ञातीचे नव्हते. मग ज्ञातीच्या स्मरणिकेत त्यांची थोरवी कशाला? आमचे नम्र उत्तर असे की, विनोदाच्या राज्यात दोनच ज्ञाती आहेत. एक हसणाऱ्यांची आणि दुसरी ज्यांना हसले जाते त्यांची. आपण यांपैकी कोणत्या ज्ञातीत मोडतो, हे ज्याने तपासले नाही त्याने विनोदी नाटकाच्या वाटेस जाऊ नये, हेच आज आम्हांस सांगावयाचे आहे.

कोल्हटकरांची खरी कीर्ती नाटकांपेक्षाही त्यांच्या विनोदी लेखांवर उभी आहे. १९०२ साली 'साक्षीदार' हा त्यांचा पहिला विनोदी लेख प्रसिद्ध झाला. वकिलाने पहिला विनोद साक्षीदारावर करावा, हे स्वाभाविकच होय. पुढे अशा बत्तीस लेखांचा संग्रह 'सुदाम्याचे पोहे अर्थात साहित्यबत्तिशी' या नावाने निघाला. मराठीतील विनोदी वाङ्मयाची गंगोत्री म्हणून त्याचा उल्लेख होतो. नावाचे मर्म आपणांस ठाऊक आहेच. दरिद्री सुदामा द्वारकेस जाताना मित्रासाठी मूठभर पोहे फडक्यात बांधून नेतो आणि ते वैभव पाहून ती पुरचुंडी काखेत दडवू पाहतो. वाचकांच्या दरबारात आलेल्या या लेखकाने तीच नम्रता पांघरली आहे.

त्या पोह्यांत तिखट मात्र भरपूर आहे. सण, व्रते, संस्कार, मुहूर्त, शकुन, सभासंमेलने, यांत धर्म किती आणि गतानुगतिकता किती, हे हा लेखक हसत हसत निवडून दाखवितो. एका लेखाचे नाव 'चोरांचे संमेलन' असे आहे. आपल्यासारख्या संमेलने भरविणाऱ्यांनी तो लेख अवश्य वाचावा आणि वाचताना अध्यक्षमहाशयांकडे पाहू नये! येथे आणखी एक विशेष सांगितला पाहिजे. फलज्योतिषावर आणि पत्रिकांवर हसणारे पुष्कळ आहेत. परंतु कोल्हटकर स्वतः ग्रहगणिताचे अभ्यासक होते आणि १९१३ साली त्यांनी 'भारतीय ज्योतिर्गणित' हा ग्रंथ लिहिला होता. ज्याला आकाशातील शनी ठाऊक आहे, त्यानेच पत्रिकेतील शनीला हसावे, हे अधिक शोभते.

परंतु त्या पुस्तकाचा सर्वांत मोठा गुण वेगळाच आहे. लेखक सुधारकाचा अंगरखा घालून उंचावर बसत नाही आणि खालच्या लोकांना मूर्ख म्हणत नाही. तो स्वतःच सुदामा होतो. बंडूनाना आणि पांडुतात्या या दोन सोबत्यांसह हा सुदामा प्रत्येक रूढीची बाजू मोठ्या निष्ठेने घेतो, स्वतः तिच्यात सापडतो, स्वतःची फजिती करून घेतो आणि आपण कसे बरोबरच होतो हे पुनः गंभीरपणे सांगतो. हसू आधी सांगणाऱ्याच्या अंगावर पडते. मग त्याचे शिंतोडे वाचकावर उडतात. मराठीत पुढे ही परंपराच झाली. राम गणेश गडकरी यांनी कोल्हटकरांना गुरू मानले आणि 'बाळकराम' या नावाने तसेच लेख लिहिले. चिं. वि. जोशी यांचे चिमणराव तर आपली फजिती आपणच सांगतात. आचार्य अत्रे यांनी गडकऱ्यांना गुरू मानले आणि १९३३ साली 'साष्टांग नमस्कार' सारखे धमाल नाटक रंगभूमीस दिले. अशा रीतीने या घराण्याचा मूळपुरुष आपल्या वऱ्हाडात नांदला.

त्यांच्या नाटकांविषयी मात्र सत्य सांगितले पाहिजे. ती आज रंगभूमीवर दिसत नाहीत. कथानकांत गुंतागुंत फार, वेषांतरे फार आणि कोट्या इतक्या की, एकीचा अर्थ लागेपर्यंत पुढच्या तीन निसटून जातात. तथापि त्या नाटकांतील हेतू क्षुल्लक नव्हते. 'मूकनायका'त मुकेपणाचे सोंग घेणारा नायक आहे आणि मद्यपानाचा निषेधही आहे. मद्याचाच विषय पुढे शिष्याने, म्हणजे गडकऱ्यांनी, 'एकच प्याला' मध्ये घेतला आणि त्याची मराठीतील थोर शोकांतिका केली. तिच्यातही तळीराम आणि त्याचे आर्य मदिरा मंडळ यांच्या रूपाने गुरूचा विनोद जिवंत आहे. गडकरी २३ जानेवारी १९१९ रोजी सावनेर येथे अकाली निवर्तले. ते नाटक गाजले तेव्हा ते पाहण्यास स्वतः नव्हते.

ज्यांना रंगमंचावर उभे करण्याजोगे अभिजात विनोदी नाटक हवे असेल, त्यांना आम्ही गोविंद बल्लाळ देवल यांचे 'संशयकल्लोळ' सुचवू. या नाटकाचा प्रवास मोठा मौजेचा आहे. मोल्येर नावाच्या थोर फ्रेंच नाटककाराने १६६० साली एका संशयी नवऱ्यावर एक छोटे प्रहसन लिहिले. शंभर वर्षांनी, १७६१ साली, आर्थर मर्फी याने इंग्रजीत त्याचा विस्तार केला. देवलांनी १८९३ साली त्यावरून 'फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा' हे गद्य नाटक रचले आणि आयुष्याच्या अखेरीस त्यालाच पदांची जोड दिली. १९१६ साली देवल वारले आणि त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळीने 'संगीत संशयकल्लोळ' रंगभूमीवर आणले. गणपतराव बोडसांचा फाल्गुनराव आणि बालगंधर्वांची रेवती यांची कीर्ती आमच्या वडिलांच्या पिढीपर्यंत ऐकू येत होती.

परक्या देशाचे नाटक. परंतु त्यात परकेपणा औषधालाही नाही. देवलांनी पात्रांना महिन्यांची आणि नक्षत्रांची नावे दिली : फाल्गुनराव, अश्विनशेठ, वैशाखशेठ, भादव्या; आणि स्त्रियांत कृत्तिका, रेवती, रोहिणी, मघा. जणू घराच्या भिंतीवरील पंचांगच उठून बोलू लागले! कथानकही किती साधे! घेरी आलेल्या रेवतीला फाल्गुनराव सावरतो, ते त्याची बायको दुरून पाहते. रेवतीच्या हातून पडलेली प्रियकराची तसबीर ती बायको उचलते आणि न्याहाळते, ते फाल्गुनराव पाहतो. दोघांनीही डोळ्यांनी पाहिले ते खरेच होते. मनाने जोडले ते खोटे. संबंध नाटकात एकही दुष्ट मनुष्य नाही. दोष आहे तो फक्त आपल्या सर्वांच्या पोटात असलेल्या संशयाचा. म्हणूनच प्रेक्षागृहातील नवरा फाल्गुनरावाला हसता हसता मध्येच दचकतो आणि शेजारी बसलेल्या पत्नीकडे हळूच पाहतो.

आता आमची हकीकत.

१९८३ साली मंडळाचा मेळावा अकोल्यास होता. आम्ही नुकतेच नोकरीस लागून स्थिर झालो होतो, विवाहास वर्षही झाले नव्हते आणि आपणांस लिहिता येते अशी आमची समजूत होती. मंडळाने नाट्यप्रवेश बसविण्याचे काम आमच्याकडे सोपविले. आम्ही स्वतःच एक प्रहसन लिहिले. विषय होता मुलगी पाहण्याचा कार्यक्रम. वधूपित्याची भूमिका आम्हीच केली होती. फाटके धोतर उपरण्याने झाकणारा, वरपक्षातील लहान पोरासही वाकून नमस्कार करणारा असा तो बाप होता. पाहुणे ठरल्यापेक्षा अधिक आले आहेत आणि पोहे तेवढेच आहेत. म्हणून तो पुनःपुनः बशा मोजतो, एका बशीतील चिमूटभर दुसरीत टाकतो, आणि आतून आवाज आला की उगाचच मोठ्याने 'आणखी आणा' म्हणून ओरडतो. प्रत्येक मोजणीला मंडपात हशा उसळत होता. आम्ही अगदी हवेत तरंगत होतो.

तिसऱ्या मोजणीच्या वेळी दुसऱ्या रांगेतून एक गृहस्थ उठले आणि मंडपाबाहेर निघून गेले. ते आमच्या आईचे चुलतभाऊ होते. एका जिनात हिशेबनीस होते. त्यांना तीन मुली होत्या आणि थोरलीस त्या वर्षी चार ठिकाणांहून नकार आले होते. आम्हांस हे ठाऊक नव्हते असे नाही. लिहिताना ते आठवले नव्हते, एवढेच. किंवा कदाचित आठवले होते आणि बशा मोजण्याची कल्पना तेथूनच सुचली होती. आज इतक्या वर्षांनी खोटे कशाला बोलावे?

प्रयोग संपल्यावर आम्ही त्यांच्यामागे गेलो. मामा मंडपाबाहेर लिंबाखाली उभे होते. ते रागावले नाहीत. इतकेच म्हणाले, "मास्तर, लोकायले हसवलं तुनं, चांगलं केलं. पन बशा मोजनाऱ्याले हसले लोक. खानाऱ्याले कोनी हसलं नाही."

पुढच्या बैठकीत काही वडीलधाऱ्यांनी तक्रार केली आणि कार्यकारिणीने नाट्यप्रवेश कार्यक्रमातून वगळला. आम्ही त्या वेळी फार रुष्ट झालो. समाजाला विनोद कळत नाही, असे चार ठिकाणी बोललोही. आमच्या शाळेतील एका वृद्ध सहकाऱ्यांनी ते ऐकून घेतले आणि दुसऱ्या दिवशी दोन पुस्तके आमच्या हाती ठेवली. एक 'सुदाम्याचे पोहे' आणि दुसरे कोल्हटकरांचे 'आत्मवृत्त'. १९३४ साली कोल्हटकर वारले आणि त्यांचे हे अपूर्ण राहिलेले आत्मचरित्र दुसऱ्या वर्षी प्रसिद्ध झाले. तेव्हापासून या लेखकाची आणि त्याच्याविषयीची पुस्तके मिळतील तेथून आणून आम्ही वाचीत आलो.

सुदाम्याचे लेख वाचताना प्रथम फार हसलो. नंतर हळूहळू मामांच्या वाक्याचा अर्थ लागू लागला. हा सुदामा जेथे जेथे पोहे खातो, तेथे खाणारा तो स्वतः असतो. आमच्या प्रहसनात खाणारा कोण होता? वरपक्षाच्या पात्रांना आम्ही दोन दोन वाक्ये दिली होती आणि नवरदेवाला तर एकही नाही. तो आपला मुकाट्याने पोहे खात बसला होता. असे का झाले असावे?

बंधुभगिनींनो, त्याचे कारण आम्हांस फार उशिरा उमगले. आमच्या विवाहापूर्वी आम्ही सात मुली पाहिल्या होत्या. साती ठिकाणी पोहे खाल्ले. सहा ठिकाणी 'कळवितो' असे सांगून निघालो आणि एकाही ठिकाणी कळविले नाही. एका घरी मुलीस चालून दाखविण्यास सांगितले गेले. ते सांगणारे आमचे काका होते, परंतु आम्ही तेथे बसलो होतो. एका घरी पोह्यांत मीठ कमी म्हणून परतीच्या गाडीत आम्ही विनोद केला होता. सातव्या ठिकाणी जमले. त्या आज समोरच बसलेल्या आहेत. आमच्यापूर्वी आपण नऊ वेळा पोहे केले होते, असे त्यांनी आम्हांस पुष्कळ वर्षांनी सांगितले. त्या रात्रीच्या प्रयोगासही त्या होत्या. घरी आल्यावर प्रयोग कसा झाला असे आम्ही विचारले, तेव्हा त्या म्हणाल्या, "पाठांतर चांगलं होतं." तेवढ्यावर समाधान मानून आम्ही झोपलो!

म्हणजे विनोदाचा खरा विषय आमच्या घरातच बसला होता आणि आम्ही तो सोडून दुसऱ्याच्या फाटक्या धोतराकडे बोट दाखविले. भरतमुनींनी हास्याचे आत्मस्थ आणि परस्थ असे दोन भेद सांगितले आहेत. स्वतः हसणे तो आत्मस्थ आणि दुसऱ्यास हसविणे तो परस्थ. दुबळ्याला हसणे हा त्यांच्या यादीत भेदच नाही. तो आम्ही आमच्या पदरचा घातला होता.

मग थोर नाटककारांनी हाच विवाहाचा विषय कसा हाताळला, हे आम्ही पुनः नीट वाचून पाहिले. देवलांचे 'शारदा' १८९९ सालचे. एका कोवळ्या मुलीचे वृद्धाशी लग्न लावण्याचा घाट त्यात आहे. त्यातही हसू आहे. परंतु ते कोणावर? बोहल्यावर चढू पाहणाऱ्या भुजंगनाथावर, दलाली करणाऱ्या भद्रेश्वर दीक्षितावर आणि मुलगी देऊन पैसे घेऊ पाहणाऱ्या कांचनभटावर. शारदेला प्रेक्षक हसत नाहीत. तिच्यासाठी डोळे पुसतात. गडकऱ्यांच्या 'बाळकरामा'त ठकीच्या लग्नाची मोहीम आहे. तेथे ठकीच्या रूपाची अतिशयोक्ती वाचताना आजच्या वाचकास क्वचित अवघडल्यासारखे होते, हे आम्ही नाकारीत नाही. परंतु ती मोहीम वाचून संपल्यावर हास्यास्पद ठरतो तो बाजार. आणि कोल्हटकरांनी तर एका नाटकाचे नावच 'वधूपरीक्षा' असे ठेवले, तेही १९१४ साली! या तिघांची पुस्तके आम्ही १९८३ पूर्वी वाचली असती, तर मामांना मंडपातून उठावे लागले नसते.

आपण अमरावतीकर आहोत, म्हणून आणखी एका महापुरुषाचे स्मरण केल्यावाचून राहवत नाही. याच जिल्ह्यातील शेंडगावी १८७६ साली जन्मलेले आणि २० डिसेंबर १९५६ रोजी वलगावनजीक देह ठेवलेले गाडगे महाराज नाटककार नव्हते. परंतु त्यांच्या कीर्तनात लोक पोट धरून हसत आणि हसता हसता आपला नवस, आपले कर्ज, आपली दारू यांकडे पाहू लागत. ते बोल कठोर असत. तरी कोणी उठून जात नसे. त्याचे कारण उघड आहे. महाराज गावात येत, ते प्रथम खराटा घेऊन रस्ता झाडीत आणि मग रात्री बोलत. ज्याने आधी स्वतःचे हात मळविले, त्याला दुसऱ्याच्या मळाविषयी बोलण्याचा अधिकार प्राप्त होतो. कोल्हटकरांची भाषा संस्कृतप्रचुर आणि महाराजांची अस्सल वऱ्हाडी. परंतु दोघांचा धडा एकच.

हे सारे जुने झाले, असे तरुणांनी म्हणू नये. आज काळ पालटला आहे. आपल्या वधूवर मेळाव्यात आता मुली शिकलेल्या असतात, नोकरी करतात, प्रश्न विचारतात. याचा आम्हांस अभिमान वाटतो. परंतु चार एकर कोरडवाहू शेती करणारा मुलगा उठून आपला परिचय देऊ लागला, की मंडपात कुजबूज होते, कोणी तरी हलकेच हसते. मागील वर्षी तरुणांनी सादर केलेल्या एका नकलेत अशाच मुलाची टोपी उडविलेली आम्ही पाहिली. कपाशीचा भाव, बोंडअळी, बापाचे कर्ज, सहा वर्षांत आलेले चौदा नकार, अशा एकेका वाक्याला टाळी पडत होती. नकल करणारा हुशार होता. त्याला पाहून आम्हांस १९८३ सालचे आम्हीच आठवलो. त्याही मंडपात, मागे कोठे तरी, कोणी तरी उठून गेला असेल. बशा मोजणारा बदलला आहे, बंधूंनो. मोजणाऱ्यालाच हसण्याची आपली खोड बदललेली नाही.

म्हणून पुढील वर्षीच्या कार्यक्रमाविषयी आमच्या तीन नम्र सूचना आहेत.

पहिली अशी की, मंडळाच्या कपाटात थोडी पुस्तके आणावीत. 'सुदाम्याचे पोहे', 'आत्मवृत्त', गडकऱ्यांचा 'संपूर्ण बाळकराम', देवलांची 'शारदा' आणि 'संशयकल्लोळ', आणि वि. स. खांडेकर यांचे 'गडकरी : व्यक्ति आणि वाङ्मय'. हे शेवटचे पुस्तक १९३२ सालचे. खांडेकरही कोल्हटकरांना गुरुस्थानी मानीत. तेव्हा एका शिष्याने दुसऱ्या शिष्याविषयी लिहिलेले हे पुस्तक आहे. नाटककाराचा विनोद त्याच्या आयुष्यातील दुःखाशी कसा जोडलेला असतो, हे अशा पुस्तकांवाचून कळत नाही. बाजारात न मिळणारी पुस्तके घरोघरच्या माळ्यांवर सापडतील. आमच्याकडील प्रती आम्ही आजच मंडळास देत आहोत. पाने पिवळी झाली आहेत. मुलांनी हलक्या हाताने उलटावीत.

दुसरी अशी की, पहिल्या वर्षी नवे काही न लिहिता 'संशयकल्लोळा'तील तसबिरीचा प्रवेश करावा. १९१२ साली अकोल्यास साहित्य संमेलन भरले होते. त्याचे अध्यक्ष हरिभाऊ आपटे हे गंभीर कादंबरीकार. परंतु त्यांनीही मोल्येरच्या प्रहसनावरून 'मारून मुटकून वैद्यबुवा' हे नाटक मराठीत आणले होते. एवढ्या मोठ्या लेखकाला उत्तम नमुना गिरविण्यात कमीपणा वाटला नाही. आपणही वाटून घेऊ नये. अक्षर वळणदार होण्यासाठी आधी कित्ता गिरवावा लागतो, हे शाळामास्तराहून अधिक कोण सांगणार?

आणि तिसरी सूचना अशी की, त्यानंतर तरुणांनी स्वतःचे प्रहसन अवश्य लिहावे. समाजातील कोणत्याही खोडीवर लिहावे, मंडळावर लिहावे, पदाधिकाऱ्यांवर लिहावे. वडीलधाऱ्यांनी ते सोसावे. जो समाज स्वतःला हसू शकत नाही, त्याला सुधारणेची भाषणे ऐकून काय लाभ? परंतु लिहिणाऱ्याने एक नियम पाळावा. पहिला हशा लेखकावर आला पाहिजे. तो येत नसेल, तर कागद फाडावा आणि पुनः लिहावयास बसावे.

मामा आज हयात नाहीत. त्यांच्या तिन्ही मुलींची लग्ने यथाकाल झाली. धाकटीच्या कार्यक्रमास आम्ही वधूपक्षाकडून बसलो होतो. मामा आत जाऊन बशा मोजून आले आणि आमच्याकडे पाहून किंचित हसले. त्या हसण्याचे ऋण आमच्यावर तसेच राहिले आहे.

  जाता जाता नाट्यप्रवेश बसविणाऱ्या तरुणांना एकच विनंती. मुलगी पाहण्याचा प्रवेश कधी काळी पुन्हा लिहिलात, तर त्यात पोहे खाणाऱ्या वराचे काम मोठे करा आणि ते आम्हांस द्या. या वयात पाठांतर होत नाही हे खरे. परंतु त्या भूमिकेचे पाठांतर आम्हांस करावे लागणार नाही.